कॅशफ्लो १०१ : रॅट रेसमध्ये अडकवणाऱ्या या चुका टाळा

कॅशफ्लो १०१ हा पैशांच्या हिशेबाचा पटावरचा खेळ. त्यात रॅट रेसमधून, म्हणजे पगार-खर्चाच्या आतल्या चक्रातून, सुटायची अट एका ओळीत मावते: पॅसिव्ह इन्कम (पगाराशिवाय मालमत्तेतून दरमहा येणारे उत्पन्न) एकूण खर्चापेक्षा जास्त झाले पाहिजे. हातात रोख किती, पगार किती, मालमत्ता किती, याला तिथे काही किंमत नाही. तरीही निम्मे खेळाडू समोरच्याच्या नोटांच्या गठ्ठ्याकडे बघत खेळतात. त्याऐवजी आपल्या हिशेबाच्या कागदाच्या कोपऱ्यात एक आकडा लिहून ठेवा: खर्च वजा पॅसिव्ह इन्कम. याला ‘दरी’ म्हणू. प्रत्येक खेळीनंतर दरी किती कमी झाली ते पाहायचे. पुढच्या बहुतेक चुका या एका आकड्याकडे दुर्लक्ष झाल्यामुळेच होतात. (आवृत्तीनुसार कार्डांवरचे आकडे थोडे वेगळे असू शकतात, हिशेबाची रीत तीच.)

मोठ्या पगाराचे कार्ड आले म्हणून खूश होणे

सुरुवातीला प्रत्येकाला एका पेशाचे कार्ड मिळते. डॉक्टरचा पगार १३,२०० डॉलर, खर्च ९,६५०. सफाई कामगाराचा पगार १,६००, खर्च ९५०. डॉक्टरच्या हाती दर पगाराला ३,५५० उरतात, कामगाराच्या हाती ६५०, म्हणजे साधारण साडेपाचपट फरक. पण दरी पाहिली तर डॉक्टरची दहापट आहे. त्यामुळे दोघांनी एकाच पद्धतीने खेळून चालत नाही. कामगार चार-पाच लहान सौद्यांत आणि थोडे कर्ज फेडून सुटू शकतो. डॉक्टर लहान सौद्यांवरच रेंगाळला तर संध्याकाळ सरेल पण दरी सरणार नाही. त्याने सात-आठ हजार जमले की बिग डीलची, म्हणजे मोठ्या सौद्यांची, कार्डे उचलायला लागावे. तिथे डाउन पेमेंट ६,००० च्या पुढे असते, पण एकेका कार्डाने दरी शेकड्यांनी कमी होते.

उलट चूक कामगाराकडून होते: खिशात हजार-बाराशे असताना बिग डील उचलणे. परवडत नाही म्हणून कार्ड सोडावे लागते आणि पाळी फुकट जाते. पटावर २४ चौकोन आहेत, त्यांतले १२ ऑपॉर्च्युनिटीचे, म्हणजे सौद्याचे कार्ड उचलायचे. म्हणजे सरासरी दर दुसऱ्या पाळीला सौदा समोर येतो. त्यातला एकही असा घालवायचा नसतो. आणि चुकून न परवडणारे कार्ड आलेच तर गड्डीत परत टाकण्याआधी ते दुसऱ्या खेळाडूला विका. नियमात हे बसते, किंमत तुमच्या तुमच्यात ठरवायची. चांगल्या कार्डाचे पाचशे-हजार सहज मिळतात. निम्म्या टेबलांवर ही सोय कुणाला ठाऊकच नसते.

कार्डावरचा परतावा आणि बँकेचा दर यांची गल्लत

ही सगळ्यांत महागडी चूक, म्हणून जरा सविस्तर.

समजा ६५,००० चे घर आले. गृहकर्ज ६०,०००, डाउन पेमेंट ५,०००, दरमहा उत्पन्न १६०. कार्डावर परतावा ३८ टक्के लिहिलेला. बँकेचे कर्ज १० टक्क्यांनी मिळते. खेळाडू म्हणतो, दहाने घेऊन अडतीसने लावतो, अजून काय हवे?

गडबड अशी की ३८ टक्के वार्षिक आहेत (१६० गुणिले १२, भागिले ५,०००) आणि बँकेचे १० टक्के मासिक. शिवाय त्या हप्त्यातून मुद्दल एक पैशानेही कमी होत नाही. ५,००० कर्ज काढले की खर्चात ५०० वाढतात, उत्पन्नात १६०. दरी ३४० ने वाढली, आणि पगाराच्या दिवशी हातात येणारी रक्कमही तेवढीच घटली. असे दोन सौदे केले तर कामगाराची ६५० ची शिल्लक ३० डॉलर वजा होते, आणि पुढचा रस्ता दिवाळखोरीचा.

मग बँकेचे कर्ज कधीच काढायचे नाही का? काढायचे, पण लवकर विकता येईल अशा वस्तूसाठी. सर्वांत चांगले उदाहरण म्हणजे १ डॉलरला आलेला शेअर. कामगाराने ३,००० कर्ज घेतले तर त्याची शिल्लक ६५० वरून ३५० वर येते, पण हाती ३,००० शेअर येतात. भाव नुसता ५ वर गेला तरी १५,००० झाले. २० वर गेला तर ६०,०००. इथे भित्रेपणा केला तर डाव हातचा जातो.

५ डॉलरच्या शेअरसाठी मात्र हात आखडता ठेवा. १,००० कर्जात २०० शेअर येतात, दर पगाराला १०० हप्ता जातो. चार पगारांत २० चा भाव मिळाला तर मुद्दल आणि हप्ते वजा करून २,६०० सुटतात. दहा पगार थांबून १० चाच भाव मिळाला तर फायदा बरोबर शून्य. १० च्या वर तर कर्ज काढून शेअर घेऊच नयेत.

पाळी संपली की लक्ष काढून घेणे

शेअरचे कार्ड उचलणाऱ्यालाच ते विकत घेता येतात, पण त्या भावाने विकायची मुभा सगळ्यांना असते. मार्केटच्या कार्डांचेही बहुतेक असेच: घराला गिऱ्हाईक आले की तशा प्रकारचे घर ज्याच्याकडे असेल तो विकू शकतो. म्हणजे विक्रीची संधी बहुतेक वेळा दुसऱ्याच्या पाळीला येते. चौघे खेळत असतील तर चारातल्या तीन संधी तुम्ही मोबाइल बघताना निघून जातात. शेअर घेतले की विकायचा भाव त्याच वेळी कागदावर लिहा. ५ ला घेतलेल्याला २० पुरे आहेत. ४० ची वाट बघणाऱ्याच्या वाट्याला बहुधा उलटे विभाजन येते आणि दोनाचा एक शेअर होतो.

उत्पन्न जाईल म्हणून घर न विकणे

वरच्याच घराला १,००,००० चे गिऱ्हाईक आले. ६०,००० कर्ज फेडून ४०,००० हाती. पुष्कळ जण म्हणतात, नको, १६० चे पॅसिव्ह इन्कम जाईल. पण १६० च्या हिशेबाने ४०,००० जमायला २५० पगार लागतील. तेवढा डाव कोणी खेळत नाही. विका, आणि ती रक्कम बिग डीलमध्ये घाला. अपवाद एकच. दरी शंभर-दीडशेवर आली असेल आणि विकून मिळणाऱ्या पैशातून ती लगेच बुजवता येत नसेल, तर ते घर हातचे सोडू नका.

चुकीचे कर्ज चुकीच्या वेळी फेडणे

खऱ्या आयुष्यात क्रेडिट कार्डाची थकबाकी आधी फेडावी, हे बरोबरच. खेळात सुरुवातीला ती सवय अंगाशी येते. प्रत्येक कर्जाचे १,००० डॉलर फेडले तर महिन्याचा खर्च किती कमी होतो ते पाहा. बँकेचे कर्ज: १००. किरकोळ उधारी: ५०. क्रेडिट कार्ड: ३०. कार लोन: कामगाराचे १५, डॉक्टरचे २०. घराचे गहाण: सुमारे १०. डॉक्टरचे शैक्षणिक कर्ज दीड लाखाचे आणि हप्ता ७५०, म्हणजे हजारी फक्त ५. त्याला डाव संपेपर्यंत हात लावायचे कारण नाही.

एका फाशाची सरासरी साडेतीन, पगाराचे चौकोन तीन. म्हणजे साधारण सव्वादोन पाळ्यांना एक पगार मिळतो. किरकोळ उधारीत घातलेले १,००० सुटायला २० पगार, म्हणजे जवळजवळ ४६ पाळ्या लागतात. सुरुवातीच्या हजार डॉलरचे याहून चांगले उपयोग आहेत.

डावाच्या शेवटी चित्र उलटते. तेव्हा परत मिळणारे पैसे नको असतात, दरी बुजवायची असते. वरचे घर हजारी ३२ ने दरी कमी करते, किरकोळ उधारी ५० ने. कामगाराची दरी ४० उरली असेल आणि हातात १,००० असतील, तर नवीन सौदा शोधत बसू नका, उधारी फेडा आणि बाहेर पडा. फक्त ध्यानात ठेवा, बँकेचे कर्ज हजाराच्या पटीत फेडता येते. बाकीची कर्जे एकरकमी पूर्ण फेडावी लागतात. डॉक्टरच्या क्रेडिट कार्डात ४,००० भरून २७० तले निम्मे कमी करता येत नाहीत. ९,००० हवेतच.

चॅरिटी सरसकट टाळणे

चॅरिटीच्या चौकोनावर एकूण उत्पन्नाच्या १० टक्के दिले की पुढच्या तीन पाळ्यांत एक किंवा दोन फासे टाकता येतात. याला लोक दानधर्म समजून सोडून देतात. दोन फाशांची सरासरी ७, पगाराचे चौकोन आठ-आठ चौकोनांवर. म्हणजे तीन पाळ्यांत सुमारे १.३ ऐवजी २.६ पगार पडतात. कामगाराला १६० देऊन सरासरी साडेआठशेच्या आसपास मिळतात, डॉक्टरला १,३२० देऊन साडेचार हजारांवर. कर्जाने कामगाराची शिल्लक शंभराच्या आसपास आली असेल तेव्हाच नको म्हणा. तेव्हा जास्तीचा सव्वा पगार तेवढाही भरून देत नाही.

नोकरी जाण्याच्या भीतीने पैसे दाबून ठेवणे

डाउनसाइज्डच्या चौकोनावर एकूण खर्चाइतकी रक्कम भरावी लागते आणि दोन पाळ्या जातात. पण एका फेरीत एखाद्या ठरावीक चौकोनावर पडायची शक्यता साधारण सातात दोन. कामगाराने ९५० बाजूला ठेवायला हरकत नाही. डॉक्टरने ९,६५० गोठवून ठेवणे म्हणजे डाव गोठवणे. वेळ आलीच तर बँकेचे कर्ज काढा आणि पुढच्या विक्रीतून पहिल्यांदा तेच फेडा.

कागदाचा मेळ बसत नसेल तर

उजवीकडचा खेळाडू तुमचा ऑडिटर असतो. त्याला नुसते मान डोलवायला ठेवू नका, दर फेरीला कागद तपासायला द्या. घोळ ठरलेल्या जागी सापडतो. घर विकले, पण त्याचे मासिक उत्पन्न खोडायचे राहिले. बँकेचे मुद्दल देण्यात लिहिले, पण हप्ता खर्चात चढवला नाही. मूल झाले आणि खर्च वाढवला नाही (कामगाराला प्रत्येकी ७०, डॉक्टरला ६४०, मुले जास्तीत जास्त तीन). कर्ज फेडले, पण हप्ता तसाच राहिला; हे तर स्वतःचेच नुकसान. शेअर विकून आलेली रक्कम काही जण पॅसिव्ह इन्कममध्ये मांडतात. ती नुसती रोख आहे, तिने दरी एक डॉलरनेही कमी होत नाही.

कागद बरोबर आहे, पण पॅसिव्ह इन्कम वाढूनही दरी तेवढीच राहते? मग बँकेच्या कर्जाची ओळ बघा. दहापैकी आठ वेळा दुखणे तिथेच असते. नवी खरेदी थांबवा आणि पुढची जी मालमत्ता विकली जाईल तिचे पैसे सगळेच्या सगळे त्या कर्जात घाला.

फास्ट ट्रॅकवर आल्यावर सैल पडणे

रॅट रेसमधून सुटलेला खेळाडू फास्ट ट्रॅक या बाहेरच्या मार्गावर येतो. बाहेर पडताना पॅसिव्ह इन्कमच्या शंभरपट रक्कम हे कॅशफ्लो डेचे (तिथल्या पगाराच्या दिवसाचे) उत्पन्न होते. १,००० घेऊन आलात तर एक लाख. इथे जिंकायचे दोन मार्ग: सुरुवातीला निवडलेले स्वप्न विकत घेणे, किंवा मासिक उत्पन्न ५०,००० ने वाढवणे. स्वप्नासाठी रोख साठवत चकरा मारणारे बहुतेकदा हरतात. ऑडिट किंवा खटल्याच्या चौकोनावर निम्मी रोख जाते, घटस्फोटाच्या चौकोनावर सगळी. व्यवसायात गुंतवलेल्या रकमेला यातले काहीच शिवत नाही. म्हणून समोर येणारा परवडणारा व्यवसाय घेत चला. स्वप्नाचा चौकोन दोन फाशांच्या टप्प्यात, म्हणजे बारा चौकोनांच्या आत आला आणि किंमत हाताशी असली, तरच ती रोख त्या फेकीपुरती राखून ठेवा.