काजूची बी यायच्या आधी कागद जुळवून ठेवा

दिवाळी झाली की आमच्याकडच्या काजू कारखान्यांत थोडी शांतता असते. भट्टी साफ होते, कटरची पाती बदलून घेतात, खळं सारवून होतं. नवी बी फेब्रुवारीपासून यायला लागते आणि मग मे संपेपर्यंत कुणालाच मान वर करायला वेळ मिळत नाही. कागदांचं काम म्हणूनच या मधल्या दिवसांत उरकायचं असतं. मी सिंधुदुर्गातल्या लहान कारखान्यांचे हिशेब आणि ऑनलाइन अर्ज बघते. यंदा पहिल्यांदा स्वतःच्या नावाने काजूगर, आमसुलं किंवा आंब्याचा पल्प विकायला निघालेल्यांसाठी तयारी क्रमाने लिहिते आहे.

आधी एक गोष्ट नीट समजून घ्या. पूर्वी कचेरीत टेबलापलीकडे माणूस बसलेला असायचा. रेशनकार्डावरचा बाळा आणि सातबाऱ्यावरचा बाळकृष्ण एकच, हे त्याला ठाऊक असायचं. आता एक पोर्टल दुसऱ्या पोर्टलला विचारतं, आणि दुसरं अक्षर न अक्षर ताडून उत्तर देतं. लहान उद्योगांची सरकारी नोंदणी, म्हणजे उद्यम नोंदणी, 1 जुलै 2020 पासून सुरू झाली. त्यात तुमची उलाढाल आणि गुंतवणूक आयकर आणि जीएसटीच्या यंत्रणेतून परस्पर उचलली जाते. हे चांगलंच आहे, दर वेळी झेरॉक्सचा गठ्ठा न्यावा लागत नाही. पण आपलेच कागद आपसात भांडत असतील तर अर्ज अडकतो, आणि कशामुळे अडकला हे सांगायला समोर कुणी नसतं.

तर एक शंभर पानी वही घ्या. पहिल्या पानावर पॅन कार्डावरचं नाव इंग्रजीत, कार्डावर आहे तसंच, एकेक अक्षर मोकळं काढून लिहा. त्याखाली आधारवरचं, मग बँकेच्या पासबुकावरचं, मग लाइट बिलावरचं, घरपट्टीच्या पावतीवरचं आणि शेवटी सातबाऱ्यावरचं. आता बोट ठेवून वरपासून खाली वाचत या. गावकर आडनावाच्या एका घरात मी तीन स्पेलिंगं पाहिली आहेत: एकात डब्ल्यू, एकात व्ही, एकात ए-ओ. सावंतांचंही तेच. कुठे वडिलांचं पूर्ण नाव, कुठे नुसतं आद्याक्षर. पॅन आणि आधार या दोन ठिकाणचं नाव तंतोतंत एक झाल्याशिवाय पुढचं पान उलटू नका. बाकीचे कागद त्यांना जुळवून घेता येतात, हे दोन मात्र पायाचे.

पॅन कुणाचं वापरायचं, हाही निर्णय आत्ताच घ्या, कारण नंतर तो बदलणं फार जड जातं. पॅनचं चौथं अक्षर पाहा: व्यक्ती असेल तर पी, भागीदारी असेल तर एफ, कंपनी असेल तर सी. जीएसटीचा नंबर 15 अक्षरांचा असतो. त्यातले पहिले दोन आकडे राज्याचे, महाराष्ट्राला 27, आणि पुढची दहा अक्षरं म्हणजे तुमचं पॅनच. निर्यातीचा आयईसी नंबरही आता पॅनचाच असतो. म्हणजे सगळ्या नोंदण्या एकाच दोरीत ओवलेल्या आहेत. कारखाना वहिनी चालवतात, अन्न परवाना दादांच्या नावावर आणि उद्यम मुलाच्या नावावर, असं आपल्याकडे सर्रास असतं. घरात कुणालाच त्यात काही वावगं वाटत नाही. पण कर्जाच्या फाइलमध्ये ते तीन वेगवेगळे धंदे दिसतात.

एका बचत गटाचं उदाहरण माझ्या मनातून जात नाही. बायकांनी काजूगर भाजून, खारवून, पाकिटं करून विकायचं ठरवलं होतं. सूक्ष्म अन्नप्रक्रिया उद्योगांच्या केंद्रीय योजनेतून यंत्रासाठी अर्ज केला होता. त्या योजनेत प्रकल्प खर्चाच्या 35 टक्के, जास्तीत जास्त 10 लाखांपर्यंत, कर्जाशी जोडलेलं अनुदान मिळतं. बँकेच्या पासबुकावर नावाच्या शेवटी ‘महिला बचत गट’ होतं आणि पॅनवर ‘महिला स्वयंसहाय्यता समूह’. गावात एकही माणूस याला दोन गट म्हणाला नसता. यंत्रणेने म्हटलं. ठराव, बँकेत अर्ज, पुन्हा पडताळणी, या सगळ्यात फेब्रुवारी ते मे निघून गेले आणि पूर्ण हंगाम त्या बायका दुसऱ्याच्या कारखान्यात रोजावर गर सोलत बसल्या. खात्याचं नाव उघडतानाच पॅनप्रमाणे घेतलं असतं तर हे टळलं असतं. गटाची नोंदणी करून देणाऱ्याने तेवढं सांगायला हवं होतं.

वहीचं दुसरं पान मोबाइल नंबरासाठी. आधारला जोडलेला नंबर कुणाच्या खिशात आहे? एका आजींच्या नावावर जमीन आणि धंदा दोन्ही होतं. अर्ज भरून झाला, ओटीपी गेला, आणि आजी शांतपणे म्हणाल्या, “नंबर झिलाचो आसा गो, तो मुंबयक कामार.” झील म्हणजे मुलगा, आणि तो लोकलमध्ये. फोन लागेपर्यंत ओटीपीची मुदत संपली. तीनदा असं झाल्यावर आधार केंद्रावर जाऊन आजींच्या हातातल्या फोनचा नंबर जोडून घेतला, आणि त्या दिवसापासून त्यांचं काम त्यांच्या हातात आलं. ज्यांच्या वाडीत रेंज सड्यावर चढल्याशिवाय येत नाही, त्यांनी अर्ज तालुक्याला येऊनच भरावा. ईमेलही स्वतःचा काढा. अर्ज भरून देणाऱ्याने स्वतःचा ईमेल आणि नंबर टाकून दिलेली जीएसटी खाती मी पाहिली आहेत. तो माणूस गाव सोडून गेला की नोटिसा त्याच्याकडे आणि दंड तुमच्याकडे. पासवर्ड वहीच्या शेवटच्या पानावर, आणि ती वही घरात.

आता पत्ता. कारखाना बहुतेक घराच्या पडवीत किंवा परड्यातल्या शेडमध्ये असतो आणि लाइट बिल आजोबांच्या नावावर. त्याने घाबरून जाऊ नका. जागा दुसऱ्याच्या नावावर असेल तर मालकाचं संमतीपत्र, लाइट बिल आणि ग्रामपंचायतीचा असेसमेंटचा उतारा यावर जीएसटीचा अर्ज होतो. आजोबा हयात नसतील तर मात्र वारस नोंद आधी करून घ्या. मीटरचं नाव बदलायलाही तीच लागते. सामाईक सातबाऱ्यावर वीस-पंचवीस हिस्सेदार असले आणि अर्धे मुंबईला असले, तर गणपतीला सगळे गावी येतात तेव्हाच सह्या होतात. हे एक काम दिवाळीपर्यंत थांबत नाही. यंदाचे गणपती हुकले असतील तर शिमग्याला गाठा. बागायतदाराने सातबाऱ्यावर काजूची, आंब्याची नोंद आहे ना, हेही पाहून ठेवावं. ऑगस्ट 2021 पासून ती नोंद ई-पीक पाहणीत आपण स्वतः फोनवरून करू शकतो. शेतकरी ओळख क्रमांकासाठी आधारवरचं आणि सातबाऱ्यावरचं नाव जुळवलं जातं, तिथे वहीचं पहिलं पान पुन्हा उपयोगी पडतं.

पत्ता एकदा ठरला की तो सगळीकडे तसाच लिहा. वेंगुर्ला की वेंगुर्ले, देवगडात व्ही की ओ, घर नंबर आधी की वाडी आधी, काय ते एकदाच ठरवा. पिनकोडला विशेष जपा. सवयीने तालुक्याचा पिन टाकतात, पण पोस्ट दुसरं असतं. माल वाहून नेताना लागणारं ई-वे बिल दोन पिनकोडांवरूनच अंतर काढतं आणि त्या अंतरावर बिलाची मुदत ठरते, साधारण 200 किलोमीटरला एक दिवस. पावसात घाटात दरड आली आणि ट्रक आंबोलीऐवजी लांबच्या वाटेने न्यावा लागला, तर ती मुदत वाटेतच संपू शकते. मुदत संपण्याच्या आधी आठ तास किंवा नंतर आठ तासांपर्यंत ती वाढवून घेता येते. ड्रायव्हरला हे आधीच सांगून ठेवा आणि फोन चालू ठेवा.

बांदा, सावंतवाडीकडच्यांनी इथे थोडं थांबून वाचावं. म्हापशाच्या दुकानदाराचा जीएसटी नंबर 30 ने सुरू होतो, कारण गोवा हे दुसरं राज्य. आपल्याला ते शेजारचं गाव वाटतं, पण सॉफ्टवेअर पहिले दोन आकडे बघून ठरवतं की कर केंद्र आणि राज्यात अर्धा-अर्धा वाटायचा की आंतरराज्य आयजीएसटी लावायचा. आणि राज्याबाहेर करपात्र माल विकायचा तर 40 लाखांच्या उलाढालीपर्यंत नोंदणी न करण्याची सवलत धरता येत नाही, पहिल्या पाकिटापासून नोंदणी लागते. जीएसटी नोंदणी असलेल्या कारखानदाराने शेतकऱ्याकडून सालासकट काजू बी घेतली तर त्या खरेदीवरचा करही कारखानदारानेच भरायचा असतो. हे वर्षअखेरीला कळण्यापेक्षा आज कळलेलं बरं.

मग संगणक. एक्सेलमध्ये याद्या ठेवत असाल तर नंबरांचे रकाने आधी टेक्स्ट करा आणि मगच आकडे टाका. काजूचा एचएसएन, म्हणजे जीएसटीसाठीचा मालाचा कोड, 0801 ने सुरू होतो. एक्सेल पुढचं शून्य खाऊन 801 करतं आणि पोर्टलला तो ओळखूच येत नाही. 16 आकडी बँक खातं टाकलंत तर शेवटचा आकडा गुपचूप शून्य होतो. पैसे कुठे गेले म्हणून शोधणाऱ्या एका कारखानदाराबरोबर मी दीड दिवस बसले होते, शेवटी तो शून्य सापडला. जुन्या मराठी फॉन्टमध्ये टाइप केलेल्या याद्या असतील तर त्या युनिकोडमध्ये नव्याने करा. जुना फॉन्ट दुसऱ्याच्या संगणकावर उघडला की नावांच्या जागी नुसती चिन्हं दिसतात.

बाकीचं भराभर होतं. उद्यमला एक पैसाही लागत नाही, पैसे मागणारी साइट सरकारची नव्हे. उद्यममध्ये उत्पादन आणि जीएसटीत व्यापार, असं वेगवेगळं लिहू नका. अन्न परवान्याचा 14 आकडी नंबर पाकिटावर आणि 1 जानेवारी 2022 पासून बिलावरही लागतो, तेव्हा बिलबुक छापण्याआधी तो हातात हवा. हापूसला 2018 साली भौगोलिक मानांकन मिळालं, पण ते नाव पेटीवर लावायला अधिकृत वापरकर्ता म्हणून स्वतंत्र नोंदणी करावी लागते.

एस्टोनियात 2001 पासून सरकारी यंत्रणा आपसात बोलतात आणि नागरिकाकडून एकदा घेतलेली माहिती पुन्हा मागायची नाही, असा तिथला दंडक आहे. आपल्याकडेही मोठ्या कारखान्यांच्या ई-इन्व्हॉइसमध्ये एकदा भरलेलं बिल पुढे विवरणपत्रात आणि ई-वे बिलात आपोआप जातं. तेच वाडीतल्या गिरणीपर्यंत, गटापर्यंत यायला हवं, आणि नाव जुळलं नाही तर नेमकं कुठलं अक्षर जुळलं नाही हे मराठीत सांगायला हवं. ही मागणी मी प्रत्येक शिबिरात करते आणि तुम्हीही करा.

शेवटी भिंतीवरचं कालनिर्णय खाली उतरवा. जीएसटीचं महिन्याचं विवरणपत्र भरणाऱ्यांनी दर महिन्याच्या 11 आणि 20 तारखेला लाल गोल करावेत. अन्न परवानाधारक उत्पादकांनी वार्षिक विवरणासाठी 31 मे. आयईसी असेल तर एप्रिल ते जून, काही बदललं नसलं तरी एकदा आत जाऊन माहिती बरोबर असल्याचं नोंदवायचं, नाहीतर तो बंद पडतो. यातल्या दोन तारखा ऐन बीच्या आणि आंब्याच्या धांदलीत येतात, म्हणून तिथे घरातल्या एकाचं नावही लिहून ठेवा.