घराचं कर्ज घेण्याआधी: बाहेरून आलेल्या नव्या शिक्षकांसाठी

मी २००३ साली सांगली जिल्ह्यातून दारव्हा तालुक्यात रुजू झाले. महाराष्ट्र एक्सप्रेसने बडनेऱ्याला उतरायचं, तिथून एसटीने नेर, मग दारव्हा. शकुंतला ही इथली छोटी रेल्वे तेव्हा अजून धावत होती. पहिल्या उन्हाळ्यात कूलरशिवाय झोपायचा प्रयत्न केला आणि तिसऱ्या रात्री शेजारच्या काकूंनीच त्यांचा जुना कूलर आणून खिडकीला लावला. इथल्या माणसांनी मला असं सांभाळलं. माहेर आता वर्षातून एकदा होतं, घर इथंच आहे.

२०२४ मध्ये शिक्षकभरतीच्या पवित्र पोर्टलवरून निवड होऊन आपल्याकडची बरीच मुलंमुली यवतमाळ, वाशीमच्या शाळांवर आली. खोली कुठं मिळेल, पाणी किती दिवसांआड येतं, हे विचारून झालं की वर्षभरात पुढचा प्रश्न येतोच: मॅडम, इथं प्लॉट घेऊन घर बांधून टाकू का? बँक कर्ज देईल म्हणते. हे सगळं त्याच प्रश्नासाठी लिहिते आहे.

तुमच्या घरमालकीणबाईही म्हणत असतील, "भाड्यात पैसे कायले घालता मॅडम, तेवढ्याच किस्तीत सोताचं घर होते." त्या मायेनंच म्हणतात. मलाही म्हणाल्या होत्या आणि २००९ साली मी ऐकलं. आठ लाख कर्ज, साडेनऊ टक्के, वीस वर्षं, हप्ता ७,४५७ रुपये. वर्षभर एकही हप्ता चुकू दिला नाही. पुढच्या एप्रिलमध्ये, परीक्षेचे पेपर तपासून झाल्यावर, ओसरीवर बसून बँकेचा उतारा उघडला. माझ्या मनात हिशोब पक्का होता: नव्वद हजारांच्या आसपास भरलेत, म्हणजे सात लाख दहा हजार उरले असतील. उताऱ्यावर शिल्लक होती जवळपास सात लाख शहाऐंशी हजार. मी बोट ठेवून प्रत्येक ओळ पुन्हा वाचली. ८९,४८४ रुपये भरले होते, त्यातले चौदा हजार मुद्दलात गेले होते आणि पंचाहत्तर हजारांहून जास्त व्याजात. बँकेनं फसवलं नव्हतं. राहिलेल्या मुद्दलावर आधी व्याज घ्यायचं आणि उरेल ते मुद्दलात जिरवायचं, हप्त्याचं गणितच तसं असतं. शाळेत मुलांना सरळव्याज शिकवणाऱ्या मला ते तोवर कुणी उलगडून सांगितलं नव्हतं, आणि मीही विचारलं नव्हतं.

म्हणून आजच्या आकड्यांत सांगते. वीस लाख कर्ज, साडेआठ टक्के. वीस वर्षांसाठी हप्ता येतो साधारण १७,३५६. एकूण भराल ४१ लाख ६५ हजार, म्हणजे घेतलेल्या पैशाच्या दुपटीपेक्षा जास्त. तीस वर्षं केलीत तर हप्ता १५,३७८ होतो. महिन्याला दोन हजार वाचल्यासारखे वाटतात, पण एकूण भरणा ५५ लाखांच्या वर जातो. त्या दोन हजारांच्या सवलतीची किंमत पावणेचौदा लाख आहे. उलट पंधरा वर्षं घेतलीत तर हप्ता १९,६९५ आणि एकूण ३५ लाख ४५ हजार. घर तेच, बँक तीच, व्याजदरही तोच. फक्त वर्षं बदलली की एका घराच्या तीन किमती होतात. बँकेतला माणूस "हप्ता किती झेपेल?" एवढंच विचारतो. तुम्ही त्याला "शेवटपर्यंत एकूण किती जातील?" हे विचारा आणि उत्तर कागदावर लिहून घ्या.

आता मुख्य गोष्ट, जी फक्त आपल्यासारख्या बाहेरून आलेल्यांना लागू होते. तुम्ही इथं किती वर्षं राहणार? आंतरजिल्हा बदलीचा अर्ज तुमच्यातल्या बहुतेकांच्या मनात आहे, आणि त्यात काही गैर नाही. आईवडील तिकडं आहेत, लग्न ठरायचं आहे. पण समजा घर घेतलं आणि पाच वर्षांनी बदली झाली. वरच्या वीस लाखांच्या कर्जात पाच वर्षांत तुम्ही १० लाख ४१ हजार भरलेले असतील, त्यातले आठ लाखांवर व्याज असेल, आणि डोक्यावर अजून १७ लाख ६२ हजार उभे असतील. याच पाच वर्षांत महिना पाच हजार भाड्यानं तीन लाख गेले असते. भाडं वाया जातं म्हणतात, पण व्याजही परत येत नाही. त्यात तालुक्याच्या गावात घर विकायला काढलं की गिऱ्हाईक लगेच मिळत नाही. माझ्या ओळखीच्या एका जोडप्याचं घर बदलीनंतर तीन वर्षं कुलूपबंद होतं. ते जळगावला भाडं भरत होते आणि इथला हप्ताही.

म्हणून माझं स्पष्ट मत आहे: शिक्षणसेवकाची, म्हणजे मानधनावरची पहिली तीन वर्षं भाड्यानंच राहा. १६ हजारांच्या मानधनावर कुणी कर्ज देऊ केलं तरी घेऊ नका. नियमित वेतनश्रेणी लागल्यावरही वर्षभर थांबा, गाव समजून घ्या, नवराबायको बसून ठरवा की इथं किमान दहा वर्षं राहायचं का. उत्तर हो असेल तरच पुढचं वाचा.

जमिनीपासून सुरुवात करते, कारण इथं खर्च जमिनीतूनच वर येतो. आपल्याकडं बऱ्याच ठिकाणी मुरूम, खडक लवकर लागतो. इथली काळी माती पावसात फुगते आणि उन्हाळ्यात भेगाळते. मे महिन्यात शेतातून चाललात तर पाऊल जाईल एवढ्या भेगा दिसतील. त्याच मातीवर उथळ पाया घातला की घरही दरवर्षी थोडं उठतं, थोडं बसतं. माझ्या घराला २०१२ च्या जूनमध्ये खिडकीच्या कोपऱ्यातून तिरपी भेग गेली. आधी नखाएवढी, दिवाळीपर्यंत त्यात दहाचं नाणं उभं राहायला लागलं. मिस्त्री म्हणाले, कॉलम मुरुमापर्यंत न्यायला हवे होते, पायात मुरुमाची भर हवी होती, भोवतीनं पाणी मुरू द्यायला नको होतं. ते सगळं बांधताना करायचं असतं, आणि बँकेच्या कर्जाच्या आकड्यात ते कुणी धरत नाही. पाया स्वस्तात करून टाइल्सवर पैसे घालणारी घरं मी इथं फार पाहिली आहेत. तुम्ही उलटं करा.

त्या दुरुस्तीसाठी मी आणखी एक चूक केली. गृहकर्ज चालू असल्यानं बँकेकडं परत जायची लाज वाटली आणि एका खासगी फायनान्सकडून एक लाख घेतले. "फक्त बारा टक्के" म्हणाले. पाच वर्षं, हप्ता २,६६७. एक लाखावर बारा टक्क्यांनी पाच वर्षांचं साठ हजार व्याज त्यांनी सुरुवातीलाच धरलं आणि एक लाख साठ हजारांचे साठ भाग केले. मी मुद्दल फेडत होते तरी व्याज पूर्ण लाखावरच चालू होतं. घटत्या शिलकीवर हिशोब केला तर तो दर वीस टक्क्यांच्या वर जातो. दर ऐकला की पुढचा प्रश्न हाच हवा: व्याज घटत्या शिलकीवर, की सुरुवातीच्या पूर्ण रकमेवर?

कागदांचं थोडक्यात सांगते, कारण इथं तुमचा दर कागदांवर ठरतो. प्लॉट अकृषिक, म्हणजे शेतीखेरीज वापरासाठीचा, आहे का, लेआउट मंजूर आहे का, हे इसार देण्याआधी पाहा. नुसता गावठाणाचा नमुना ८ (ग्रामपंचायतीचा घराचा उतारा) किंवा शेतजमिनीचा तुकडा असेल तर बँका हात आखडतात, आणि मग माणूस जास्त व्याजाच्या दारात जातो. प्लॉट चारशे रुपये फुटामागं स्वस्त मिळाला म्हणून आनंद होतो, पण तीन-चार टक्के जादा दरानं वीस वर्षं कर्ज फेडताना ती स्वस्ताई कधीच संपलेली असते. मुद्रांक शुल्क, नोंदणी, वकिलाचा सर्च रिपोर्ट, प्रोसेसिंग फी, गहाणाच्या नोंदीचा खर्च हे बहुतेक स्वतःच्या खिशातूनच जातं. तेवढे पैसे आधी साठवा. त्यासाठी पतसंस्थेचं दुसरं कर्ज काढलंत तर पहिल्या महिन्यापासून दोन हप्ते सुरू होतात.

विम्याबद्दल मात्र नीट सांगायलाच हवं. कर्जाबरोबर एक विमा जोडून देतात आणि त्याचा हप्ता कर्जातच मिळवतात, तुम्हाला वाटतं आपल्या खिशातून काही गेलं नाही. पन्नास हजारांचा हप्ता साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांच्या कर्जात मिसळला तर शेवटी त्याचे एक लाख चार हजार होतात. विमा हवाच. घरातला कमावता माणूस गेला तर कर्ज मागच्यांच्या गळ्यात येऊ नये. पण साधा मुदतीचा विमा वेगळा घ्या, त्याचा हप्ता वर्षाच्या वर्षाला भरा.

व्याजदर बदलता असतो, हे सगळ्यांना माहीत असतं. त्याचा अर्थ फार थोड्यांना माहीत असतो. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जं बाहेरच्या निकषाला, बहुतेक ठिकाणी रेपो दराला (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दरानं पैसे देते त्याला), बांधलेली आहेत. २०२० मध्ये रेपो ४ टक्क्यांवर आला होता, फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो साडेसहावर गेला. २०२१ साली सात टक्क्यांनी वीस लाख घेतलेल्याचा हप्ता होता १५,५०६. दर साडेनऊ झाला तेव्हा त्याचं मुद्दल साधारण १९ लाख ३० हजार होतं आणि महिन्याचं व्याजच १५,२७९ होत होतं. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जेमतेम सव्वादोनशे रुपये. हप्ता वाढला नाही म्हणून माणूस खूश राहतो, आणि तिकडं कर्जाची वर्षं निवृत्तीच्या पलीकडं सरकलेली असतात. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेनं बँकांना सांगितलं की दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हा पर्याय कर्जदाराला द्यायचा. तो पर्याय मागा, आणि झेपत असेल तर हप्ता वाढवा. आपण ५८ व्या वर्षी निवृत्त होतो. तुमची नेमणूक १ नोव्हेंबर २००५ नंतरची, माझ्यासारखं जुनं पेन्शन गृहीत धरून साठीपर्यंतचे हप्ते लिहून देऊ नका.

१ ऑक्टोबर २०२४ नंतरच्या कर्जांना बँकेनं एक मुख्य माहितीपत्रक द्यायचं असतं. त्यात सगळे खर्च धरून खरा वार्षिक दर किती पडतो ते लिहिलेलं असतं, आणि प्रत्येक हप्त्यात व्याज किती, मुद्दल किती याचा तक्ताही असतो. ते तुम्हाला समजणाऱ्या भाषेत मिळायला हवं, म्हणजे मराठीत मागता येतं. दोन ठिकाणची पत्रकं शेजारी ठेवा. जाहिरातीतला दर बाजूला ठेवून तो खरा वार्षिक दर जुळवून पाहा.

कर्ज लवकर कसं फिटतं, तेही सांगते. वर्षातून एकच हप्ता जादा भरा. वरच्या वीस लाखांच्या उदाहरणात एवढ्यानं कर्ज सव्वातीन वर्षं आधी संपतं आणि चार लाखांवर व्याज वाचतं. बदलत्या दराच्या गृहकर्जावर वैयक्तिक कर्जदाराला मुदतीआधी फेडीचा दंड लागत नाही. मी महागाई भत्त्याची थकबाकी कधी घरात येऊ दिली नाही, सरळ कर्जखात्यात भरली, आणि दर वेळी अर्जावर लिहिलं की हप्ता कमी करू नका, मुदत कमी करा. २०२९ ला संपायचं कर्ज २०२२ मध्ये संपलं. प्राप्तिकराची सवलत मिळते म्हणून कर्ज लांबवा, असा सल्ला स्टाफरूममध्ये मिळेल. जुन्या पद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर दोन लाखांपर्यंत वजावट आहे, नव्या पद्धतीत ती नाही. आणि जुन्या पद्धतीतही वीस टक्के कर वाचवायला शंभर टक्के व्याज भरावं लागतं.

शेवटचा हप्ता भरला की काम संपत नाही. माझे मूळ कागद बँकेकडून यायला चार महिने लागले. आता १ डिसेंबर २०२३ पासूनचा नियम आहे: पूर्ण फेड झाल्यावर तीस दिवसांत कागद परत द्यायचे, बँकेमुळं उशीर झाला तर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई. कागद मोजून घ्या, कर्ज फिटल्याचा दाखला घ्या, आणि तो घेऊन तलाठी कार्यालयात जा. सातबाऱ्याच्या इतर हक्कात चढलेला बँकेचा बोजा फेरफार झाल्याशिवाय उतरत नाही. माझ्या सातबाऱ्यावर पैसे फिटल्यानंतरही वर्षभर तो तसाच होता, मुलीच्या शिक्षणकर्जाच्या वेळी लक्षात आलं.

कुणाला बँकेनं कागद दिले असतील आणि सही करायची राहिली असेल तर ते घेऊन या. शनिवारी सकाळची शाळा असते, दुपारी मी घरीच असते. आपण ओळ न् ओळ वाचू.