रेसिंग सीट बसवताय? या चुका टाळा

ट्रॅक डे (रेसट्रॅकवर स्वतःची गाडी चालवण्याचा दिवस) किंवा ऑटोक्रॉससाठी (कोन मांडलेल्या मोकळ्या जागेतली वेळेची स्पर्धा) गाडी तयार करताना बहुतेक जण आधी अंगाला धरून ठेवणारी उंच कडांची बकेट सीट घेतात, आणि ते बरोबरच आहे. वळणावर अंग जागच्या जागी राहिलं की स्टीअरिंगला लटकावं लागत नाही. पण महिनाभर सीट निवडणारा माणूस ब्रॅकेट, म्हणजे सीट फ्लोअरला जोडणारा धातूचा सांगाडा, मात्र पाच मिनिटांत उचलतो. धडक बसली की सगळा भार शेवटी चार बोल्टांवर आणि त्यांच्याखालच्या पत्र्यावर येतो. म्हणून बजेट कमी असेल तर सीट साधी घ्या, ब्रॅकेटमध्ये काटकसर करू नका.

सगळ्यात धोकादायक चूक म्हणजे फ्लोअरला नवी भोकं पाडून खालून नुसते वॉशर लावणं. हॅचबॅकच्या फ्लोअरचा पत्रा जेमतेम मिलिमीटरभर, बऱ्याचदा त्याहूनही पातळ. जोराचा झटका बसला तर छोटा वॉशर पत्रा फाडून वर येतो. कंपनीच्या सीटचे मूळ चार पॉइंट मजबूत केलेले असतात, शक्यतो तेच वापरा. तुमच्या मॉडेलसाठी बनवलेलं ब्रॅकेट मिळत असेल तर उत्तमच. नवी जागा करावीच लागली तर एफआयएचा (मोटरस्पोर्टची जागतिक नियामक संस्था) नियम डोळ्यासमोर ठेवा: प्रत्येक सीटला किमान चार जागा, किमान 8 मिमी जाडीचे बोल्ट, आणि प्रत्येक जागी पत्र्याखाली किमान 40 चौरस सेंमीची काउंटरप्लेट (भार पसरवणारी आधाराची पट्टी), म्हणजे साधारण साडेसहा सेंमी बाजूचा चौरस. ब्रॅकेट पोलादी असेल तर जाडी किमान 3 मिमी, हलक्या मिश्रधातूचं असेल तर 5 मिमी.

ड्रिल मारण्याआधी गाडीखाली जाऊन बघा. ब्रेकची आणि पेट्रोलची नळी अनेक गाड्यांत तिथूनच जाते. कार्पेटमधून थेट ड्रिल मारू नका, धागे बिटला गुंडाळले जातात आणि क्षणात मोठा तुकडा ओढला जातो. कार्पेट कापून बाजूला करा. भोकाच्या कडेला प्रायमर लावा, नाहीतर पुढच्या पावसाळ्यात तिथून गंज धरलाच समजा.

मूळ बोल्ट हरवला म्हणून हार्डवेअरच्या दुकानातून ‘दहाचा बोल्ट’ (10 मिमी जाडीचा) आणणं हीसुद्धा नेहमीची चूक. अनेक जपानी गाड्यांत 1.25 पिचचा (दोन आट्यांमधलं अंतर, मिमीमध्ये) बारीक आटा असतो, दुकानात सहसा 1.5 चा मिळतो. पहिले दोन आटे हाताने जातात, मग अडतो. तिथे पाना लावून जोर दिला की वेल्ड केलेल्या नटाचा आटा गेलाच. बोल्ट हाताने चार-पाच आटे सहज फिरला पाहिजे. बोल्ट 8.8 ग्रेडचा हवा, डोक्यावर तो आकडा कोरलेला असतो. सीट आणि ब्रॅकेटमधली फट भरायला वॉशरची चळत लावू नका, योग्य मापाचा एकच स्पेसर घाला.

स्लायडर (सीट पुढे-मागे सरकवणारी रेल) अडकतो किंवा एकाच बाजूला लॉक होतो, ही तक्रार सर्रास ऐकू येते. दोष बहुतेक वेळा स्लायडरचा नसतो. चारही पॉइंट एका पातळीत नसतात, त्यात आपण एक एक बोल्ट पूर्ण आवळत जातो, मग रेल पिळली जाते. सगळे बोल्ट सैल करा, सीट टोकापासून टोकापर्यंत पुढे-मागे सरकवा, मग चारही थोडे थोडे आवळत न्या. तरीही अडकत असेल तर ज्या कोपऱ्यात फट दिसते तिथे स्पेसर लागेल. दोन्ही बाजूंचा ‘खट्’ आवाज ऐकल्याशिवाय गाडी हलवू नका. एकच बाजू लॉक असेल तर ब्रेक मारताना सीट तिरकी सरकू शकते.

शेवटचं आवळण्याआधी हेल्मेट घालून बसा. पाठ टेकलेली असताना मनगट स्टीअरिंगच्या वरच्या कडेवर टेकलं पाहिजे, क्लच पूर्ण दाबल्यावरही गुडघा थोडा वाकलेला राहिला पाहिजे.

बेल्टबाबत मात्र जराही तडजोड नको. सीटला पट्ट्यांसाठी भोकं आहेत म्हणून हार्नेस (दोन्ही खांद्यांवरून आणि कमरेवरून येणारा रेसिंगचा बेल्ट) लावायचा आणि खांद्याचे पट्टे मागच्या फ्लोअरला खाली बांधायचे, असं करणाऱ्याचा मणका धडकेत वरून दाबला जातो. पट्टे खांद्यापासून मागे जवळपास आडवे गेले पाहिजेत, त्यासाठी रोल केजचा (गाडीच्या आतला संरक्षक नळ्यांचा पिंजरा) किंवा हार्नेसचा आडवा बार लागतो. मांड्यांमधून येणारा पट्टा नसेल तर माणूस खालून घसरतो आणि कमरेचा पट्टा पोटावर चढतो. रोजच्या वापरात कंपनीचा तीन पॉइंटचा बेल्टच ठेवा. सीटच्या उंच कडांमुळे तो पोटावर न चढता कमरेच्या हाडावर बसतोय ना, ते बघा. बेल्टचं बकल मूळ सीटला जोडलेलं असेल तर ते नव्या ब्रॅकेटवर तितक्याच मजबुतीने यायला हवं.

एअरबॅगचा दिवा पेटून राहिला, तर बहुधा सीटखालचा पिवळा कनेक्टर सुटा असताना इग्निशन चालू केलेलं असतं. आधी बॅटरीची निगेटिव्ह वायर काढा, मॅन्युअलमध्ये दिलेला वेळ थांबा, मगच कनेक्टरला हात लावा. मूळ सीटमध्ये साइड एअरबॅग असेल तर रेझिस्टर लावून दिवा विझतो, पण एअरबॅग गेलेलीच असते. घरच्यांना बसवायच्या गाडीत अशी सीट काढूच नका, हे माझं ठाम मत आहे.

स्पर्धेत उतरणार असाल तर लेबल तपासा. एफआयए 8855-1999 च्या सीटची मुदत सहसा निर्मितीपासून 5 वर्षं, 8862-2009 ची 10. स्वस्त नक्कल आणि मुदत संपलेली जुनी सीट स्क्रुटिनीत, म्हणजे स्पर्धेआधीच्या गाडीच्या तपासणीत, अडकते. आपल्याकडच्या एफएमएससीआयच्या (भारतातली मोटरस्पोर्टची नियामक संस्था) स्पर्धांना जाताना त्या स्पर्धेची नियमावली आधी वाचा.

शंभरेक किलोमीटरनंतर सगळे बोल्ट टॉर्क रेंचने (ठरलेल्या जोराने आवळणारा पाना) पुन्हा तपासा. सीटचा बदल विमा कंपनीला लेखी कळवा. मागची सीट काढायचा विचार असेल तर आरसीवरची आसनक्षमता बदलते, ते काम आरटीओत आधी विचारूनच करा.