शेळी दावं चघळतेय? खनिजं कमी पडत असतील

शेळ्या भिंत चाटू लागल्या, दावं नाहीतर चिंध्या चघळू लागल्या, की खोड म्हणून हाकलू नका. बऱ्याचदा मीठ किंवा फॉस्फरस कमी पडलेलं असतं. उस्मानाबादी शेळीत तांब्याची कमतरता रंगावरूनच ओळखू येते: काळेभोर केस तांबूस आणि राठ दिसू लागतात. अशा शेळीची करडं कधी मागच्या पायांनी लुळी जन्मतात, आणि ती सहसा सावरत नाहीत. नवजात करडाच्या गळ्याखाली गाठ दिसली तर आयोडीन कमी पडल्याचा संशय घ्या.

जंतांमुळेही केस राठ होतात, वजन घटतं, म्हणून आधी लेंड्या तपासून घ्या. मग मोठ्या शेळीला रोज 10 ग्रॅमपर्यंत खनिज मिश्रण भरड्यात कालवून द्या. गाभण आणि दुभत्या शेळीचं तर चुकवूच नका. नुसतं खडेमीठ म्हणजे खनिज मिश्रण नव्हे (दुकानदार काहीही सांगो). चाटण वीट (शेळ्यांनी चाटायची खनिजांची वीट) तोंडाच्या उंचीला, भिजणार नाही अशी टांगा. गोठ्यात मेंढ्या असतील तर शेळ्यांचं मिश्रण त्यांच्यापासून लांब ठेवा, जास्तीचं तांबं मेंढीला विषासारखं बाधतं. शेळीलाही तांब्याचं वेगळं औषध पशुवैद्यकांना विचारूनच.