ग्रीक पुराणातल्या नावांवरून आलेले इंग्रजी शब्द: या चुका टाळा

'पॅनिक' आणि 'पँडेमिक' हे एकाच कुळातले शब्द आहेत, असं कुणी सांगितलं तर सहज पटतं. दोन्हींच्या सुरुवातीला 'पॅन' आहे आणि साथ आली की घबराट उडतेच. पण यांचं एकमेकांशी नातं नाही. 'पँडेमिक'मधला पॅन म्हणजे 'सर्व' आणि डेमोस म्हणजे 'लोक'. 'पॅनिक'मधला पॅन हा देव आहे. बकऱ्याचे पाय आणि शिंगं असलेला हा ग्रीसमधल्या आर्केडियाच्या डोंगरातला देव मेंढपाळांचा राखणदार. निर्मनुष्य रानात काही कारण नसताना अचानक जी भीती दाटते ती याच्यामुळे, अशी ग्रीकांची समजूत होती. गंमत म्हणजे ही गफलत खुद्द ग्रीकांनीही केली. होमरच्या नावावर असलेल्या एका स्तोत्रात म्हटलंय, की हे बाळ पाहून सर्व देवांना आनंद झाला, म्हणून त्याचं नाव पॅन.

तेव्हा पहिला नियम असा: उच्चार जुळला म्हणून मूळ जुळलं असं धरू नका. शब्दसंग्रहाच्या वह्यांमध्ये आणि परीक्षांच्या नोट्समध्ये सर्वांत जास्त चुका इथेच होतात.

'क्रोनॉलॉजी', 'क्रॉनिक', 'सिंक्रोनाइझ' हे शब्द ग्रीक देवांचा राजा झ्यूस याचा बाप क्रोनॉस याच्यावरून आले, असं बऱ्याच ठिकाणी लिहिलेलं दिसतं. रोमन लिपीत हा घोटाळा लवकर लक्षात येत नाही, पण आपल्या लिपीत तो लगेच सुटतो. स्वतःची पोरं गिळणारा तो क्रोनॉस, 'क'चा. काळ या अर्थाचा ग्रीक शब्द ख्रोनॉस, 'ख'चा. वरचे तिन्ही शब्द 'ख'वाल्या ख्रोनॉसचे आहेत. ही सरमिसळही प्राचीन काळापासूनची. क्रोनॉसच्या हातात विळा होता, त्याने त्याच विळ्याने बापावर वार केला होता. पुढे युरोपीय चित्रांमध्ये काळाला दाढीवाला म्हातारा म्हणून रंगवलं गेलं, तेव्हा तो विळा त्याच्या हातात आला.

'हायड्रॉलिक'चंही असंच. बांधकामाच्या साइटवरच्या क्रेनला आपल्याकडे सर्रास हायड्रा म्हणतात, त्यामुळे हेराक्लीसने, म्हणजे हर्क्युलिसने, मारलेला हायड्रा नावाचा अनेक तोंडांचा साप लगेच आठवतो. पण 'हायड्रॉलिक' त्या सापावरून आलेला नाही. पाणी या अर्थाच्या एकाच ग्रीक शब्दापासून दोघंही निघाले. म्हणजे नातं भावंडांचं, बाप-लेकाचं नाही.

आता हर्क्युलिसबद्दल थोडं सविस्तर लिहायला हवं, कारण इथली चूक आपली घरची आहे. हर्क्युलिस म्हणजे 'हरि-कुल-ईश', असा संदेश वर्षानुवर्षं फिरतोय. हर्क्युलिस हे लॅटिन रूप, मूळ ग्रीक नाव हेराक्लीस. त्याचे दोन तुकडे पडतात: हेरा ही देवी आणि क्लेओस म्हणजे कीर्ती. नाव 'हेराची कीर्ती', आणि त्याच हेराने हा पाळण्यात असताना त्याच्या अंगावर दोन साप सोडले. संस्कृतशी नातं हवंच असेल तर ते 'हरि'त शोधू नका, क्लेओसमध्ये शोधा. ग्रीक 'क्लेओस' आणि वैदिक 'श्रवस्' हे सख्खे शब्द आहेत. होमरच्या 'इलियड' या महाकाव्याच्या नवव्या सर्गात अकिलीज हा योद्धा 'अक्षय कीर्ती'बद्दल बोलतो, तिथे क्लेओसला जोडलेलं विशेषण ऋग्वेदात 'श्रवस्'सोबत येणाऱ्या 'अक्षित'शी जुळतं. आडाल्बर्ट कून या जर्मन अभ्यासकाने 1853 मध्ये हे दाखवून दिलं. इतकी भक्कम जोड हाताशी असताना बनावट व्युत्पत्ती कशाला पुढे पाठवायची? मेगास्थनीसने मथुरेकडचे लोक हेराक्लीसला भजतात असं लिहिलं होतं आणि बहुतेक अभ्यासक तो कृष्ण मानतात, हे खरं. पण तिथे एका परदेशी माणसाने आपल्या ओळखीच्या देवाचं नाव दुसऱ्या देवाला दिलंय. त्यावरून नावाचं मूळ ठरत नाही.

ग्रीक आणि रोमन वेगळे ठेवा. 'सिरीअल' (सेरीस), 'व्होल्कॅनो' (वल्कन), 'मार्शल आर्ट'मधला 'मार्शल' (मार्स), 'जोव्हिअल' (जोव्ह, म्हणजे ज्युपिटर) हे सगळे रोमन देवांवरून आलेले. ग्रीक यादीत ते घातले की उत्तर चुकलं.

कथा ठाऊक नसली की अर्थाची चूक होते. 'पँडोराज बॉक्स' आपल्याकडे बातम्यांमध्ये कधीकधी गुपितांचा खजिना या अर्थाने येतो. तसं नाही. पँडोरा या स्त्रीने उघडल्यावर झालं तसं, उघडलं की संकटं बाहेर पडतात आणि परत आत घालता येत नाहीत, तिथेच हा वाक्प्रचार वापरा. शिवाय मुळात ती पेटी नव्हतीच. प्राचीन ग्रीक कवी हेसिअडच्या काव्यात पिथॉस आहे, म्हणजे धान्य, तेल, दारू साठवायचा भलामोठा रांजण. सोळाव्या शतकात इरॅस्मस या डच विद्वानाने लॅटिनमध्ये लिहिताना त्याची डबी केली आणि तीच रूढ झाली. रांजण डोळ्यांसमोर आणला तर संकटं निसटली आणि आशा तेवढी त्याच्या काठाखाली अडकून राहिली, हा तपशीलही नीट समजतो.

'मिडास टच'चं भाषांतर 'परीसस्पर्श' करतात. इंग्रजीत तो कौतुकाचाच शब्द झालाय, त्यामुळे भाषांतर चालून जातं. फक्त कथा सांगताना सांभाळा. परीस लोखंडाचंच सोनं करतो, मिडास राजाने हात लावलेल्या तर घासाचंही सोनं झालं आणि वर मागे घ्या म्हणून त्याला विनवण्या कराव्या लागल्या. ही गोष्ट भस्मासुराच्या जवळची आहे.

'अकिलीज हील' आणि 'ट्रोजन हॉर्स' या दोन्ही गोष्टी 'इलियड'मध्ये आहेत, असं उत्तर हमखास लिहिलं जातं. पण 'इलियड' हेक्टर या ट्रोजन योद्ध्याच्या अंत्यविधीपाशी, म्हणजे घोड्याच्या प्रसंगाआधीच, संपतं. घोडा 'ओडिसी'त थोडक्यात आणि रोमन कवी व्हर्जिलच्या 'इनिड'मध्ये तपशिलात येतो. अकिलीजला बाळपणी स्टिक्स नदीत बुडवल्याची कथा तर रोमन कवी स्टेशिअसकडे सापडते, होमरनंतर कित्येक शतकांनी. आणि तो घोडा ट्रोजनांचा नव्हता. बांधला ग्रीकांनी, फसले ट्रोजन. कॉम्प्युटरमध्ये लपून शिरणाऱ्या प्रोग्रॅमला नुसतं 'ट्रोजन' म्हणतो तेव्हा नाव फसवणूक झालेल्यांचं पडतं.

अ‍ॅटलासच्या खांद्यावर पृथ्वी नसून आकाश आहे. नकाशांच्या पुस्तकाला ते नाव नकाशाकार मर्केटरच्या 1595 च्या ग्रंथावरून मिळालं, आणि त्याच्या मनातला अ‍ॅटलास उत्तर आफ्रिकेतल्या प्राचीन मॉरिटानियाचा विद्वान राजा होता.

उच्चारात दोनच गोष्टी लक्षात ठेवल्या तरी बरंच काम होतं. ग्रीकमधून आलेल्या शब्दांतला 'सीएच' म्हणजे 'क': केऑस, एको, कायमिरा, सायकी. आणि नावाच्या शेवटचा 'ई' बहुधा गिळायचा नाही, म्हणून पेनेलोप नव्हे, पेनेलपी. पर्सेफोन नव्हे, पर्सेफनी.

तरीही शंका राहिली तर चांगल्या इंग्रजी कोशात शब्दाच्या व्युत्पत्तीची ओळ पाहा. तिथे देवाचं नाव दिलंय की नुसता ग्रीक शब्द आणि त्याचा अर्थ दिलाय, एवढं तपासा. नुसता शब्द असेल तर त्या देवाची गोष्ट वर्गात जरूर सांगा, पण शब्दाचं मूळ म्हणून नको.