सुरकुत्यांसाठी रेटिनॉल घेताय? किती टक्क्यांचं घ्यायचं ते आधी ठरवा

पस्तिशीच्या आसपास डोळ्यांच्या कडेला हसताना ज्या बारीक रेषा पडतात त्या हसून झाल्यावरही तिथेच दिसायला लागतात, मग कोणीतरी सांगतं रेटिनॉल लाव, आणि ऑनलाइन शोधायला गेलं की ०.१, ०.२, ०.३, ०.५, १ टक्का, शिवाय कुठे "२% ग्रॅनॅक्टिव्ह" तर कुठे "२.५% कॉम्प्लेक्स" असे ढीगभर आकडे समोर येतात. अशा वेळी मोठा आकडा म्हणजे लवकर फरक असंच वाटतं, आणि पैसे तेवढेच द्यायचे तर स्ट्राँगच घेऊ असा विचार होतो. पण तसं नाहीये, आणि आपल्या गव्हाळ-सावळ्या त्वचेसाठी तर अजिबातच नाही. माझं स्पष्ट मत सांगते, सुरकुत्यांसाठी पहिल्यांदा रेटिनॉल लावणाऱ्या बहुतेकांनी ०.१ ते ०.३ टक्क्यांमध्येच सुरुवात करावी आणि त्यातल्या बऱ्याच जणांना पुढे वर जायची गरजही पडत नाही.

आधी हे काम कसं करतं ते थोडक्यात बघू, म्हणजे आकड्यांचा अर्थ लागेल. रेटिनॉल हे व्हिटॅमिन ए चं एक रूप. ते त्वचेत गेल्यावर आधी रेटिनाल्डिहाइड बनतं आणि मग त्याचं रेटिनॉइक ॲसिड होतं, आणि खरं काम हे ॲसिडच करतं. नवीन कोलॅजन, म्हणजे त्वचेला घट्टपणा देणारं प्रथिन, बनायला मदत करतं, उन्हामुळे कोलॅजन तोडणारी जी एन्झाइम्स वाढतात त्यांना आवर घालतं, आणि वरच्या थरातल्या पेशी लवकर बदलायला लावतं. प्रत्येक पायरीला थोडं वाया जातं म्हणून रेटिनॉल सौम्य आणि थेट रेटिनॉइक ॲसिड म्हणजे ट्रेटिनॉइन जास्त तीव्र. ट्रेटिनॉइन ०.०२५, ०.०५ आणि ०.१ टक्क्यांत मिळतं, ते औषध आहे, डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय घ्यायचं नाही. म्हणजे बघा, ट्रेटिनॉइनचं ०.०२५ हे रेटिनॉलच्या ०.३ पेक्षा आकड्याने बारीक दिसतं पण तीव्रतेने जास्त आहे. त्यामुळे दोन वेगळ्या नावांचे आकडे एकमेकांशेजारी ठेवून तुलना करायचीच नाही. आणि लेबलवर नुसतं रेटिनिल पामिटेट (व्हिटॅमिन ए चंच आणखी एक रूप) असेल तर ते या सगळ्यात सौम्य, त्याला बरीच जास्त पायपीट करावी लागते, सुरकुत्यांसाठी मी त्याच्यावर पैसे घालणार नाही.

मोठ्या आकड्याचा मोह सोडायला दोन अभ्यास पुरेसे आहेत. १९९५ मध्ये ट्रेटिनॉइनचं ०.०२५ आणि ०.१ टक्का यांची तुलना झाली, ४८ आठवडे लोकांनी ते चेहऱ्याला लावलं. उन्हाने खराब झालेल्या त्वचेत सुधारणा दोन्हीकडे सारखीच झाली, पण आग, लाली, पपडी हा त्रास ०.१ वाल्यांना बराच जास्त झाला. चौपट ताकद लावून हातात आला तो फक्त जास्तीचा त्रास. दुसरा अभ्यास २००७ चा, मिशिगन विद्यापीठातला आणि तो रेटिनॉलवरच आहे. सरासरी ८७ वर्षं वयाच्या लोकांच्या एका हाताला ०.४ टक्के रेटिनॉलचं लोशन आणि दुसऱ्या हाताला रेटिनॉल नसलेलं तेच लोशन, तेही आठवड्यातून जास्तीत जास्त तीन वेळा, २४ आठवडे. रेटिनॉलवाल्या हाताच्या बारीक सुरकुत्या कमी झाल्या. ८७ व्या वर्षी ०.४ टक्क्यांनी आणि आठवड्यात तीनदा लावून फरक पडतो तर चाळिशीत १ टक्का रोज लावायची घाई कशाला?

आता आपल्या त्वचेचा मुद्दा, जो परदेशातले व्हिडिओ बघून कळत नाही. गोऱ्या त्वचेला रेटिनॉलने त्रास झाला तर ती लाल होते, सोलते आणि आठवड्या-दोन आठवड्यात पूर्ववत होते. आपल्याकडे मात्र त्वचा चिडली की तिथे मेलॅनिन, म्हणजे त्वचेला रंग देणारं द्रव्य, जास्त तयार होतं आणि लाली गेल्यावर मागे काळपट-तपकिरी डाग राहतो, तो जायला कित्येक महिने लागतात. नाकपुड्यांच्या बाजूची खाच, ओठांचे कोपरे आणि हनुवटी इथे तो हमखास दिसतो कारण क्रीम तिथे साचतं. म्हणजे सुरकुती घालवायला गेलो आणि डाग घेऊन आलो. म्हणून आपल्यासाठी स्ट्रेंग्थ ठरवायचा निकष हाच, की सुरुवातीचे काही आठवडे सोडले तर लाली किंवा पपडी न येता रात्रीमागून रात्र जी लावता येते ती बरोबर.

मग कोणी कितीने सुरू करायचं? त्वचा कोरडी असेल, साबणाने धुतल्यावर चेहरा ओढल्यासारखा होत असेल, नवीन क्रीम लावलं की लगेच चुरचुरत असेल किंवा मेनोपॉजच्या आसपास असाल तर ०.१, फार तर ०.२. या वयात इस्ट्रोजेन कमी होतं, त्वचा पातळ आणि कोरडी पडते, आणि नेमकं याच वयात सुरकुत्यांची काळजी जास्त असल्याने लोक तीव्र बाटली उचलतात, तिथेच गडबड होते. नॉर्मल किंवा तेलकट त्वचा असेल, आधी सॅलिसिलिक ॲसिड वगैरे वापरून काही झालेलं नसेल तर ०.३ ने सुरू करायला हरकत नाही. ०.५ हे ज्यांनी किमान तीन-चार महिने ०.३ विनातक्रार वापरलंय त्यांच्यासाठी. आणि १ टक्का? खरं सांगायचं तर घरच्या घरी सुरकुत्यांसाठी मला त्याची गरज दिसत नाही, तेवढंच पाहिजे असेल तर त्वचारोगतज्ज्ञांकडे जाऊन ट्रेटिनॉइनबद्दल विचारा, निदान कोणाची तरी देखरेख राहील. रोझेशिया (चेहरा वारंवार लाल होण्याचा त्वचेचा विकार), एक्झिमा असेल तर ०.१ सुद्धा डॉक्टरांना विचारूनच. युरोपियन युनियनने तर चेहऱ्याच्या कॉस्मेटिक्समध्ये ०.३ आणि बॉडी लोशनमध्ये ०.०५ टक्के अशी मर्यादाच घातलीय, नवीन प्रॉडक्ट्सना नोव्हेंबर २०२५ पासून आणि आधीपासून बाजारात असलेल्यांना मे २०२७ पासून. त्यामागचं कारण शरीरात सगळीकडून मिळून जाणाऱ्या व्हिटॅमिन ए चं आहे, ०.५ चेहऱ्याला लावलं की अपाय होतोच असं नाही, पण ०.३ म्हणजे काहीतरी कमकुवत, नवशिक्यांचं असं जे वाटतं ते डोक्यातून काढायला हे पुरे.

बाटली घेताना पुढचा मोठा आकडा सोडा आणि मागचं लेबल वाचा. "कॉम्प्लेक्स", "ब्लेंड", "सिस्टीम" असा शब्द आकड्यापुढे असेल तर तो आकडा बहुतेक वेळा रेटिनॉल ज्यात विरघळवलंय त्या अख्ख्या मिश्रणाचा असतो. २% ग्रॅनॅक्टिव्ह रेटिनॉइडचंच घ्या, त्या कच्च्या मालात प्रत्यक्ष रेटिनॉइड (व्हिटॅमिन ए च्या कुटुंबातला पदार्थ) साधारण दहावा हिस्सा असतो, म्हणजे हातात येतं ते जेमतेम ०.२ टक्के, आणि तेही रेटिनॉल नसून त्याचा एक वेगळा, सौम्य भाऊबंद. तो वाईट नाही, नाजूक त्वचेला चालतोही, फक्त "२ टक्के वापरलं, काही झालं नाही, आता रेटिनॉल १ घेते" हा हिशोब करू नका. शिवाय रेटिनॉल हवा आणि उजेडाने लवकर खराब होतं, म्हणून पारदर्शक काचेची बाटली किंवा झाकण उघडून बोट घालायची डबी नको. अपारदर्शक पंप किंवा ॲल्युमिनियमची ट्यूब असेल तर उत्तम, आणि ती बाथरूमच्या खिडकीत ठेवायची नाही. रंग गडद पिवळा-तपकिरी व्हायला लागला की समजायचं, टक्के आता लेबलवरच राहिलेत.

लावायचं रात्रीच. चेहरा साध्या फेसवॉशने धुवायचा, पूर्ण कोरडा होऊ द्यायचा, ओल्या त्वचेत ते जास्त खोल जातं आणि मग चुरचुरतं. वाटाण्याएवढं घ्यायचं, संपूर्ण चेहऱ्याला तेवढंच, कपाळ-गाल-हनुवटी असे ठिपके देऊन पसरवायचं आणि पापण्या, नाकाची खाच, ओठांचे कोपरे सोडायचे, तिथे आधीच थोडी व्हॅसलीन लावून ठेवली तर अजून बरं. वर मॉइश्चरायझर. ज्यांची त्वचा नाजूक आहे त्यांनी मॉइश्चरायझर, मग रेटिनॉल, मग परत मॉइश्चरायझर असं करावं. पहिले दोन-तीन आठवडे आठवड्यातून दोनच रात्री, मग एक दिवसाआड, आणि सगळं शांत असेल तरच रोज. थोडा कोरडेपणा, बारीक पपडी सुरुवातीच्या काही आठवड्यांत येते, तिला घाबरायचं नाही, पण साधं पाणी लागलं तरी झोंबत असेल तर थांबायचं, नुसतं मॉइश्चरायझर लावायचं आणि त्वचा पूर्ण निवल्यावर कमी वेळा परत सुरू करायचं. त्याच रात्री ग्लायकॉलिक किंवा सॅलिसिलिक ॲसिड, स्क्रब, लिंबू-बेसन काहीही नको. नायसिनामाइड (व्हिटॅमिन बी३ चं रूप) चालतं, व्हिटॅमिन सी सकाळी लावा.

आणि सकाळी सनस्क्रीन, एसपीएफ ३० किंवा त्याहून जास्तीचं, घरात बसून असलात तरी, कारण खिडकीच्या काचेतून यूव्हीए, म्हणजे उन्हातले त्वचा लवकर म्हातारी करणारे किरण, येतातच. चेहऱ्यावरच्या सुरकुत्यांचा मोठा वाटा उन्हाचाच असतो. रात्री दुरुस्ती करायची आणि दिवसा स्कूटरवर उघड्या तोंडाने फिरायचं याला काही अर्थ नाही, आणि सनस्क्रीन नियमित लावणं जमणारच नसेल तर रेटिनॉल सुरूच करू नका असं मी अगदी मनापासून सांगेन. विदर्भ-मराठवाड्यात राहणाऱ्यांनी एप्रिल-मेच्या उन्हात पहिल्यांदा सुरू करण्यापेक्षा पावसाळ्यानंतर करावं, थंडीत कोरडेपणा वाढतो तेव्हा मॉइश्चरायझर जाड घ्यावं एवढंच.

पार्लरचं फार कोणी सांगत नाही. रेटिनॉल चालू असताना त्वचेचा वरचा थर नाजूक असतो, अप्परलिपला वॅक्स केलं तर पट्टीबरोबर कातडी निघू शकते, आणि मग तोच डाग. चार-पाच दिवस आधी थांबा, थ्रेडिंगलाही तसंच करा, ब्लीच आणि पीलवालं फेशियल तर टाळाच, आणि पार्लरवालीला आधी सांगा. घरात लग्न असेल तर महिनाभर आधी नवीन रेटिनॉल सुरू करण्याच्या भानगडीत पडू नका, पपडी निघणाऱ्या त्वचेवर मेकअप नीट बसत नाही आणि तेवढ्यात सुरकुत्या कमी होतही नाहीत.

कोणी अजिबात लावायचं नाही? गरोदर असाल किंवा बाळासाठी प्रयत्न करत असाल तर रेटिनॉल, ट्रेटिनॉइन दोन्ही बंद. बाळाला अंगावर पाजत असाल तर डॉक्टरांना विचारा. आणि एक गोष्ट फार कळकळीने सांगायचीय, मेडिकलमध्ये "चेहऱ्यासाठी चांगली क्रीम" मागितली की जी ट्यूब हातात दिली जाते तिच्यात बऱ्याचदा हायड्रोक्विनोन (डाग फिकट करणारं औषध), ट्रेटिनॉइन आणि मोमेटासोन एकत्र असतं. मोमेटासोन हे स्टेरॉइड आहे. आठ-पंधरा दिवसांत चेहरा उजळ, गुळगुळीत दिसतो म्हणून ती ट्यूब मैत्रिणीकडून मैत्रिणीकडे जाते, पण महिनोन्महिने लावली की त्वचा पातळ होते, रक्तवाहिन्या दिसायला लागतात, केस वाढतात, पुरळ येतं आणि बंद केली की चेहरा भडकतो. ही सुरकुत्यांची क्रीम नाही. ट्यूबवर "-सोन" ने संपणारं नाव दिसलं की परत करा.

ज्यांना रेटिनॉल सोसतच नाही त्यांच्यासाठी बाकुचिऑल आहे, ते बावचीच्या बियांपासून मिळतं. ०.५ टक्के बाकुचिऑल दिवसातून दोनदा आणि ०.५ टक्के रेटिनॉल रात्री एकदा अशी १२ आठवड्यांची तुलना झालीय, सुरकुत्या आणि डाग दोन्हीकडे सारखे कमी झाले, जळजळ बाकुचिऑलमध्ये कमी. अभ्यास छोटा होता, ४४ जणांचा, तरी आशा वाटण्यासारखा. पण म्हणून आयुर्वेदिक दुकानातलं बावचीचं तेल चेहऱ्याला चोळू नका! त्यात सोरालेन असतं, ऊन लागलं की त्वचा अक्षरशः भाजते, फोड येतात.

फरक किती दिवसात? त्वचेचा पोत साधारण १२ आठवड्यांत सुधारल्यासारखा वाटतो, सुरकुत्यांसाठी सहा महिने धरा. दर महिन्याला एकाच खिडकीपाशी, एकाच वेळी, बिनमेकअपचा आणि न हसता फोटो काढून ठेवा, आरशात रोज बघून काही कळत नाही. सहा महिन्यांनी फोटोत फरक असेल तर तीच बाटली परत घ्या, वर जाऊ नका. फरक नसेल आणि त्रासही नसेल तर आधी रोज रात्री लावतोय का ते बघा, ते होत असेल तरच ०.३ वरून ०.५ वर जा, आणि नवीन बाटली परत आठवड्यातून दोन रात्रींपासूनच. आणि रेषा कुठल्या आहेत तेही बघा. भुवया उंचावल्यावर कपाळावर पडणाऱ्या खोल आठ्या स्नायूंमुळे असतात, नाकापासून ओठापर्यंतची घडी गाल उतरल्याने येते, त्यांना रेटिनॉल कुठल्याही टक्क्याचं लावलं तरी फारसा फरक पडत नाही, तिथे डॉक्टरच वेगळे उपाय सांगतील. मानेची त्वचा चेहऱ्यापेक्षा पातळ असते म्हणून तिथे चेहऱ्याचं ०.३ थेट नको, ०.१ घ्या किंवा तेच मॉइश्चरायझरमध्ये मिसळून आठवड्यातून एकदा लावून बघा, आणि सनस्क्रीन मानेपर्यंत आणा, ती तिथे नेहमी राहून जाते.