बर्लिनला मुलांकडे जाताय? शोनेवायडेची छावणी अशी पाहा

रामबागेपासून सुदामानगरापर्यंत आपल्या इंदूरच्या मराठी घरांत विचारा, कुणाची मुलगी म्युनिकला असते, कुणाचा मुलगा बर्लिनला. आईवडील दोन-तीन महिन्यांसाठी जातात, ब्रांडेनबुर्ग दरवाजापुढे फोटो काढतात आणि उरलेले दिवस नातवंडांत घालवतात. मीही तसाच मुलीकडे गेलो होतो. त्या मुक्कामात शोनेवायडे भागातली नाझी काळातली सक्तमजुरांची छावणी पाहिली आणि परत येईपर्यंत तिथे आणखी दोनदा गेलो. आता ओळखीतलं कुणी बर्लिनला निघालं की मी त्यांना बसवून घेऊन सगळं सांगतो. तेच इथे लिहून काढतोय.

माझ्याबद्दल एवढंच सांगतो, की मी इंदूरच्या एका कापड गिरणीत टाइम ऑफिसला होतो. मस्टर, बिल्ले, हजेरी, पगारातल्या कपाती यांतच नोकरी गेली. तिथल्या कागदांपाशी माझा पाय अडला तो त्यामुळेच.

जाण्याआधी घरी बसून एक फरक समजून घ्या. नाझींची छावणी म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे आउश्वित्झ येतं. शोनेवायडे तशी मृत्युछावणी नव्हती. जर्मन पुरुष आघाडीवर गेले, कारखाने आणि शेतं ओस पडायला लागली, तेव्हा जिंकलेल्या देशांतून माणसं आणून कामाला जुंपली. काहींना सुरुवातीला आमिष दाखवून आणलं, पण पोलंड आणि युक्रेनमध्ये तर बाजारातून, रस्त्यातून धरून गाडीत कोंबलं. मार्च १९४२ मध्ये फ्रिट्झ साउकेल या माणसाला याच कामासाठी नेमलं. न्यूरेंबर्गच्या खटल्यानंतर १९४६ साली तो फासावर गेला. युद्धाच्या काळात जर्मन राइशमध्ये असे सुमारे १ कोटी ३० लाख लोक राबले. त्यांना ठेवायला देशभर सुमारे ३०,००० छावण्या होत्या आणि त्यांतल्या ३,००० च्या आसपास एकट्या बर्लिनमध्ये.

हे आकडे डोक्यात ठेवून निघा. तिथे पोचल्यावर दिसते ती एकच जागा.

सोमवारी जाऊ नका, त्या दिवशी बंद असतं. मी पहिल्यांदा सोमवारीच गेलो आणि फाटकावरून परतलो. प्रवेशाला पैसे नाहीत. एस-बाननं, म्हणजे तिथल्या लोकल गाडीनं, शोनेवायडे स्टेशनला उतरायचं आणि चालत ब्रिट्झर श्ट्रासे ५ गाठायचं. आपल्या चालीनं पंधरा-वीस मिनिटं धरा. अर्धा दिवस मोकळा ठेवा, त्याच दिवशी दुसरं काही पाहायचं ठरवू नका.

आता महत्त्वाचं. पोचल्यावर लगेच आत शिरू नका. आधी बाहेरून सावकाश एक फेरी मारा आणि भोवतालच्या घरांच्या खिडक्या पाहा. ही छावणी गावाबाहेर, जंगलात वगैरे नव्हती. १९४३ मध्ये ती उभी राहिली तेव्हाही ही राहती वस्तीच होती. खिडकीत वाळत घातलेले कपडे, कुंड्या, आणि खाली ठेंगण्या, लांबलचक बराकी. सकाळी ही माणसं रांगेनं कामाला निघायची ती याच रस्त्यांवरून. पोलिश माणसाच्या छातीवर पिवळ्या चौकटीत जांभळा ‘पी’, सोव्हिएत प्रदेशातून आणलेल्याच्या अंगावर निळ्या-पांढऱ्या रंगात ‘ओस्ट’, म्हणजे पूर्व. कोण कुठला ते शेजाऱ्याला लांबूनही कळावं म्हणूनच ती चिन्हं होती. ‘आम्हाला काही माहीतच नव्हतं’ असं नंतर पुष्कळांनी म्हटलं. त्या खिडक्यांखाली पाच मिनिटं उभे राहा, मग ते पटतं का बघा. मला पटलं नाही.

तिथे उभं असताना मला आपली माणिकबाग आठवली. यशवंतराव होळकरांसाठी तो महाल आखला एकार्ट मुथेसियस या बर्लिनच्याच वास्तुविशारदानं, १९३० च्या आसपास. मग दहा-बारा वर्षांतच त्याच शहरात हिटलरचा वास्तुविशारद आल्बर्ट श्पेअर याच्या बांधकाम खात्यातून या १३ बराकींचे नकाशे निघाले, दोन हजारांवर माणसं कोंबण्यासाठी. दोन्ही कामं कुणीतरी नीट पट्टी लावून केली असणार.

आत गेलात की प्रदर्शन पाहा. सगळ्या तक्त्यांपुढे उभं राहायला गेलात तर पाय दुखतील आणि लक्षात काहीच राहणार नाही. त्यापेक्षा एकच कागद निवडा आणि तो नीट वाचा. मी निवडलं ते पूर्वेकडून आणलेल्या मजुरांचं कामाचं कार्ड. फोटो, बोटांचे ठसे, नाव, जन्मतारीख, मालकाचं नाव. आमच्या टाइम ऑफिसातही असंच कार्ड असायचं, म्हणून प्रथम ते ओळखीचं वाटलं. मग मुलीनं त्यावरची छापील ओळ वाचून दाखवली. नमूद केलेल्या मालकाकडेच काम करण्याची परवानगी, आणि ही कामाची जागा सोडताच कार्ड रद्द. आमचा कामगार रागावला तर बिल्ला टेबलावर टाकून फाटकाबाहेर जाऊ शकत होता. या माणसाला बाहेर पाऊल टाकताच गेस्टापो, म्हणजे नाझींचे गुप्त पोलीस, धरणार. एका ओळीत त्याच्या सगळ्या वाटा बंद केल्या होत्या.

पगाराचंही विचारा. यांना मजुरी मिळत होती असं वाचून काहींना वाटतं, मग गुलामगिरी कशी? कपाती पाहिल्या की कळतं. ओस्टच्या मजुराला मुळातच कमी दर, त्यावर राहण्याखाण्याचे म्हणून रोजचे दीड मार्क कापलेले. राहणं म्हणजे बराकीतली फळी आणि खाणं म्हणजे बहुतेक सलगमचं पाणचट सूप. महिनाअखेरीस हातात जवळजवळ काही नाही. मी आयुष्यभर कपातीचे रकाने भरले आहेत. कागदावर बेरीज बरोबर असते आणि माणूस उपाशी असतो, हे मला तिथे कुणी समजावून सांगावं लागलं नाही.

इटालियन सैनिकांच्या विभागाला वेळ द्या. २०१६ पासून त्यांच्यावर स्वतंत्र प्रदर्शन आहे. सप्टेंबर १९४३ मध्ये इटलीनं दोस्त राष्ट्रांशी शस्त्रसंधी केला, आणि कालपर्यंतच्या मित्राचे साडेसहा लाखांच्या आसपास सैनिक जर्मनांनी धरून नेले. त्यांना युद्धकैदी म्हटलं असतं तर काही नियम पाळावे लागले असते, म्हणून नाव दिलं ‘लष्करी स्थानबद्ध’. पुढे २००० साली जर्मन सरकार आणि उद्योगांनी मिळून १० अब्ज मार्कांचा निधी उभारला, साडेसोळा लाखांवर लोकांना भरपाई दिली. तेव्हा या इटालियनांना सांगितलं, तुम्ही युद्धकैदी होता, तुम्हाला मिळणार नाही. कागदावरचा एक शब्द दोनदा फिरवला, आणि दोन्ही वेळा त्यांच्याच विरुद्ध. आपल्या शहरात गिरण्या बंद पडल्यावर देण्यांसाठी हेलपाटे घालणारी म्हातारी माणसं मी पाहिली आहेत. या दोन गोष्टी एका मापाच्या नाहीत, पण म्हातारपणी ‘तुमचं नाव यादीत बसत नाही’ हे ऐकायला काय लागत असेल, याचा थोडा अंदाज मला आहे.

१३ क्रमांकाची बराक मार्गदर्शकाबरोबर पाहायची असते, त्याची वेळ आधी विचारून ठेवा. पायऱ्या उतरून तळघरात जायचं. बॉम्बहल्ल्याच्या वेळी मजूर तिथे आसरा घेत. भिंतीवर इटालियनांनी खरवडलेल्या नोंदी आहेत, नावं आणि तारखा. तिथे बोलू नका. टॉर्चचा झोत तिरपा पडला की अक्षराची खाच सावलीनं उठून दिसते, समोरून पडला की पुसल्यासारखी होते. नातवंडं दहा-बाराच्या खालची असतील तर त्यांना वर, आवारात थांबवा. माझी नात तेरा वर्षांची, ती खाली आली आणि तिनं एकच विचारलं, “आबा, पत्ता का नाही लिहिला?” मला उत्तर देता आलं नाही.

ही जागा टिकली कशी तेही समजून घ्या. बराकी लाकडाच्या नव्हत्या, पक्क्या होत्या, म्हणून युद्धानंतर वापरात राहिल्या. पूर्व जर्मनीच्या काळात काहींत लशींची संस्था होती, काहींत पुढे बालवाडी आणि बोलिंगची जागाही निघाली. दशकानुदशकं इथे काय होतं ते कुणी बोललं नाही. परतलेल्या सोव्हिएत मजुरांवर तर त्यांच्याच देशात शत्रूला मदत केल्याचा संशय घेतला गेला, तेही गप्प राहिले. १९९० च्या दशकात बर्लिनच्या इतिहास कार्यशाळेसारख्या स्थानिक गटांनी पाठपुरावा केला, १९९५ मध्ये जागेला संरक्षण मिळालं आणि २००६ साली सक्तमजुरीचा इतिहास सांगणारं हे केंद्र उघडलं. युद्ध संपल्यावर ६१ वर्षांनी.

परत आल्यावर लोक विचारतात, युद्धकाळात कोल्हापूरजवळ वळिवड्याला राहिलेले पोलिश निर्वासित ते हेच का? नाही. त्यांना सोव्हिएत राजवटीनं घराबाहेर काढलं होतं. ती कहाणी वेगळी आहे, दोन्हींची सरमिसळ करू नका.

बर्लिनला जाणं होणार नसेल, तरी इंदुरात बसून करण्यासारखं काम आहे. जर्मनीतल्या बाड आरोल्झेनला नाझींच्या बळींचं मोठं दप्तर आहे, त्यात सुमारे १ कोटी ७५ लाख लोकांची माहिती आहे. आरोल्झेन आर्काइव्ह्ज या नावानं ते ऑनलाइन शोधता येतं. ‘प्रत्येक नाव मोलाचं’ अशा अर्थाचा त्यांचा उपक्रम आहे. जुन्या कार्डाचं चित्र पडद्यावर येतं, आपण नाव, जन्मतारीख, ठिकाण टाइप करायचं. जर्मन भाषा येण्याची गरज नाही, नजर हवी.

थोडं सरावाचं सांगतो. तारीख आपल्यासारखीच, आधी दिवस मग महिना, मध्ये टिंबं. ‘गेब.’ म्हणजे जन्म. जर्मन कारकुनाचा १ वरच्या लांब शेपटीमुळे आपल्याला ७ वाटतो, त्यांच्या ७ ला बहुधा मध्ये आडवी रेघ असते. जुन्या वळणातला ई आणि एन सारखेच दिसतात, तेव्हा त्याच कार्डावर ते अक्षर दुसरीकडे कसं काढलंय ते आधी बघा. नावं कानानं ऐकून लिहिलेली असतात. आमच्या मस्टरवर हिंदी कारकून गोखल्यांचं घोकले करायचा, तसंच. तुम्हाला चूक वाटली तरी सुधारू नका, कार्डावर आहे तसंच उतरवा.

मी दुपारी चार ते पाच बसतो, दहा-बारा कार्डं होतात. अक्षर लागलंच नाही तर अंदाजानं भरू नका. एकच कार्ड वेगवेगळ्या माणसांकडे जातं आणि मग ताडून पाहतात. ते पुढच्याला लागेल.